एल्वी बॅरनची शेवटची किंकाळी

या पानावरच्या गोष्टींतली भुतं बहुतेक रात्रीच येतात.

हे मात्र भरदुपारी घडलं आहे. लख्ख ऊन, हिरवळीवर फिरणारे पाण्याचे फवारे, शेजारच्या अंगणात वाळत घातलेल्या चादरी... असल्या दुपारी.

आणि हे खरं आहे. लॉस एंजेलिसमध्ये सिनेमाच्या आवाजाचं काम करण्यात माझी उभी हयात गेली. आमच्या धंद्यात थापांना तोटा नाही, त्यामुळे थाप मला लांबूनच ओळखू येते. ज्याच्या घरी हे घडलं, त्याच्याच स्वयंपाकघरात बसून मी हे ऐकलं. नंतर शेजारणीला वेगळं गाठून विचारलं. दोघांच्या सांगण्यात तसूभर फरक नव्हता.

जागा बर्बँक. साल एकोणीसशे चौऱ्याहत्तर. ऑक्टोबरातला एक शनिवार.

माणसाचं नाव ऑर्विल टिबेट. साउंड एडिटर. सिनेमात दार करकरतं, घोडा दौडतो, गोळी सुटते, ते सगळे आवाज जागच्या जागी बसवणारा. भला माणूस, पण कामात डोकं घातलं की घराला आग लागली तरी कळायचं नाही.

त्याची बायको म्हणजे एल्वी बॅरन.

नाव ऐकलं नसेल. कोणीच ऐकलेलं नाही.

खरं नाव एल्विरा बारागान. सॅन बर्नार्डिनोची पोर. तिथल्या वखारीत तिची आई संत्री निवडायची. स्टुडिओला ते नाव लांबलचक वाटलं. त्यांनी ते छाटून एल्वी बॅरन केलं आणि मग तिला मारायला सुरुवात केली.

थट्टा नाही. पडद्यावर ती आयुष्यभर मरतच राहिली. जत्रेतल्या तंबूमागे गळा दाबून. दलदलीतल्या राक्षसाच्या हातून. वेड्या डॉक्टरच्या इस्पितळात नर्स होऊन. नायिकेला वाचायचं असायचं, म्हणून तिच्याआधी कोणीतरी मरायला हवं असायचं. ते काम एल्वीचं.

नवं काम मिळालं की ती उड्या मारत घरी यायची.

"ऑर्विल, या वेळी मी पाऊण तास जगते!"

"बापरे. मग केस विंचरायलाही वेळ मिळेल की तुला."

"हस हस. एकदा बघ, 'समाप्त'च्या पाटीपर्यंत जगून दाखवते."

ते काही झालं नाही. पण तिच्यापाशी एक गोष्ट होती, जी गावातल्या बड्या नट्यांपाशी नव्हती.

तिची किंकाळी.

मरण्याचा प्रसंग आधी चित्रित व्हायचा. किंकाळी नंतर, वेगळी. रिकामी खोली, मधे एक मायक्रोफोन, समोर एकटी बाई. पहिल्या सिनेमाच्या वेळी तो मायक्रोफोन धरून ऑर्विल उभा होता, नवशिका. तिने किंकाळी फोडली आणि त्याच्या अंगावर सरसरून काटा आला. साहेबांनी खूण केली म्हणून तो कसाबसा म्हणाला, "परत घे."

"आवडली म्हणून परत, की आवडली नाही म्हणून?" तिने विचारलं.

वर्षाच्या आत लग्न झालं.

तिच्या किंकाळ्या पुढे भलत्याच सिनेमांत वापरल्या गेल्या. तोंड एखाद्या गोऱ्यागोमट्या नटीचं, आवाज एल्वीचा. नाव कुठेच नाही. ऑर्विलला याचा संताप यायचा. ती म्हणायची, "असू दे रे. मी मेले तरी ओरडत राहीन."

रोज दुपारी जेवण आटोपलं की ती सराव करायची. स्वयंपाकघरात, कारण तिथल्या फरशीवर आवाज छान घुमायचा. मध घातलेलं कोमट पाणी प्यायची, रेडिओ बंद करायची आणि सुरू. ऑर्विल मागच्या गॅरेजमध्ये काम करत असायचा. तिथूनच शेरे मारायचा. "लांबव अजून!" "ही उंदीर बघून ओरडल्यासारखी झाली!" "परत घे!" त्यांचा संसार असाच चालायचा. लोक एकमेकांना फुलं देतात, हे दोघं हे करायचे.

पहिल्या वर्षी शेजाऱ्यांनी पोलीस बोलावले. पुढे सगळ्यांना सवय झाली. शेजारची इडा स्टॅनफिल, मूळची ओक्लाहोमाची, जिभेला हाड नसलेली बाई. नवीन कोणी राहायला आलं की तीच जाऊन सांगायची, "त्या घरातून किंकाळी आली तर घाबरू नका. आमची एल्वी कामाला बसली आहे."

सगळ्यांना सवय झाली... आणि तिथेच घात झाला.

एकाहत्तर सालच्या मार्चमधली दुपार. ऑर्विल गॅरेजमध्ये घोड्यांच्या टापा जुळवत होता. स्वयंपाकघरातून किंकाळी आली.

मान वर न करता तो ओरडला, "छान! शेवटी जरा फाटली. परत घे!"

मग थांबला.

दुसरी आली नाही.

फोन आला असेल, त्याला वाटलं. तो पुन्हा घोड्यांकडे वळला.

बऱ्याच वेळाने कॉफीसाठी गेला तेव्हा मागचं दार ढकललं जाईना. आतून कशाला तरी अडत होतं. एल्वी दाराशी पडली होती. चुलीपासून दारापर्यंत सरपटत आली होती. हात दाराच्या फटीपाशी, खाली.

हृदय बंद पडलं होतं. डॉक्टर म्हणाले, तू लगेच धावला असतास तरी उपयोग नव्हता. डॉक्टर मायाळू माणूस होता, म्हणूनच ऑर्विलचा त्याच्यावर विश्वास बसला नाही.

तिने हाक मारली आणि त्याने तिला शेरा मारला. हे त्याच्या उरात रुतून बसलं ते बसलंच. तीन वर्षं तो जेवायचा, कामावर जायचा, घरी यायचा. माणूस नावाला जिवंत होता.

मग चौऱ्याहत्तरचा वसंत आला.

दुपारची वेळ. टीव्हीवर जुना सिनेमा लागला होता. जत्रेचा. एल्वीचा पहिला. ऑर्विल चीज सँडविच घेऊन बसला. तंबूमागचा प्रसंग आला. दोन हात पुढे आले. एल्वीने तोंड उघडलं...

आवाज नाही.

मागे जत्रेचं संगीत चालू होतं. पावलं वाजत होती. फक्त तिचा आवाज नव्हता.

टीव्ही बिघडला असेल म्हणून तो उठला. हात बटणाकडे गेला आणि...

स्वयंपाकघरातून किंकाळी आली.

तीच. जत्रेतली. त्याने स्वतः धरलेल्या मायक्रोफोनमधली.

सँडविच कुठे पडलं, त्याला कळलं नाही. तो धावला.

स्वयंपाकघर रिकामं. पडदा हलत नव्हता. नळ बंद. फक्त फरशीवर त्या आवाजाचा शेवट घुमत होता... आणि मग तोही विरला.

दुसऱ्या दिवशी त्याने स्टुडिओच्या ध्वनी-भांडारातून मूळ रीळ काढलं. सिनेमाच्या फितीवर कडेला आवाजाची पट्टी असते. जाणत्या माणसाला आवाज तिथे डोळ्यांनी दिसतो. शांतता म्हणजे सरळ रेघ, किंकाळी म्हणजे दाट काळे दातेरे. ऑर्विलने फीत उजेडात धरली.

किंकाळी दिसत होती.

यंत्रावर चढवली... ऐकू येत नव्हती.

त्याने यंत्र बदललं. दुसरी प्रत आणली. सगळीकडे तेच. ठसा जागेवर होता आणि आवाज निघून गेला होता.

तो घरी येऊन स्वयंपाकघरात बसला आणि रडला. भीतीने नाही. इतक्या दिवसांनी तिचा आवाज घरात आला होता, म्हणून.

काही आठवड्यांनी दुसरी आली. ती घोडागाडीतल्या शिक्षिकेची. मग दलदलीतली. मग कपाटात प्रेत बघणाऱ्या सेक्रेटरीची. प्रत्येक वेळी दुपारी. प्रत्येक वेळी ऑर्विल धावायचा, आणि नंतर रीळ तपासायचा. त्यातला आवाज गेलेला असायचा. एकेक सिनेमा सोडून एल्वी घरी येत होती.

इडाच्याही कानावर ते जायचं. तिचं आणि त्याचं स्वयंपाकघर समोरासमोर.

"काय रे ऑर्विल, दुपारी एल्वीच्या टेपा लावतोस वाटतं?" ती कुंपणावरून म्हणाली. "लाव बाबा लाव. मला तर बरंच वाटतं. गल्लीत जीव आल्यासारखा होतो."

टेप नाही, हे त्याने तिला सांगितलं नाही. वेड लागलं म्हणून तिने गावभर केलं असतं.

नर्सची किंकाळी आली त्या दिवशी त्याच्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला.

किंकाळ्या क्रमाने येत होत्या. ज्या क्रमाने तिने सिनेमे केले, अगदी त्याच क्रमाने. आता राहिला होता शेवटचा, मोटेलचा सिनेमा. ती मोटेलच्या मालकाची बायको झाली होती. पोस्टरवर पहिल्यांदाच नाव आलं होतं, तळाशी, बारीक.

ती किंकाळी आली की पुढची कोणती?

पुढची कुठल्याच सिनेमातली नव्हती.

पुढची मार्चमधल्या त्या दुपारची होती. आणि त्याच क्षणी, तीन वर्षांत पहिल्यांदा, त्याला जगावंसं वाटलं. ती हाक पुन्हा येणार होती. या वेळी तो तिथे असणार होता. जाऊन तिचा हात धरणार होता. पुढे काय होईल ते होवो.

त्याने कामं सोडली. स्वयंपाकघरात खुर्ची टाकली. मागच्या दाराला कडी लावायची नाही, असा नियम केला. बाजारहाट सकाळी उरकायचा. दुपारी घराबाहेर पाऊल नाही.

आठवड्यांमागून आठवडे गेले. मोटेलची काही येईना.

अशात त्याच्याकडे ग्रासिएला आली. एल्वीच्या बहिणीची मुलगी, सॅन बर्नार्डिनोला शाळेत शिकवायची. डब्यात मक्याच्या पानांत गुंडाळून उकडलेले तमाले आणि तोंडभर हसू घेऊन.

"काका, आमच्या थिएटरात मावशीचा सिनेमा लावतोय! मोटेलचा. शनिवारी दुपारी. आणि बाहेर पाटीवर नाव काय लिहिणार सांगू? एल्विरा बारागान. पूर्ण!"

ऑर्विलने डबा ओट्यावर ठेवला.

"आजीच्या वखारीतल्या सगळ्या म्हाताऱ्या येणार आहेत. तुम्ही दोन शब्द बोला मावशीवर."

"दुपारी मला जमत नाही, बेटा."

"का? दुपारी काय असतं?"

तो काय सांगणार? ग्रासिएलाचे डोळे भरून आले. "तिला कोणी कधी मान दिला नाही, काका. आज कोणी देतंय तर तुम्हीच नाही म्हणता?"

हे बरोबर वर्मी लागलं.

ऑर्विलने हिशेब केला. साउंड एडिटरचा हिशेब. आधी मोटेलची किंकाळी यायला हवी. मगच ती. दोन किंकाळ्यांमध्ये नेहमी कित्येक आठवडे जातात. मोटेलची अजून आलेली नाही. म्हणजे एक दुपार बाहेर काढायला हरकत नाही.

रिळं क्रमाने लागतात, यावर त्याने आयुष्यभर विश्वास ठेवला होता.

शनिवारी ग्रासिएला गाडी घेऊन आली. "चला, उशीर होतोय," म्हणत तिने त्याला पुढे पाठवलं आणि त्याच्या मागून पुढच्या दाराने बाहेर पडली.

थिएटराबाहेर खरंच पाटी होती. एल्विरा बारागान. एवढाल्या अक्षरांत. म्हाताऱ्या नटूनथटून आल्या होत्या. कोणी ऑर्विलचे गाल ओढले, कोणी हातात गोड पाव कोंबला. "आमच्या पोरीने काय नाव काढलं हो!" एक जण म्हणाली. ऑर्विलला हुंदका आवरेना. एल्वी हे बघायला हवी होती.

अंधार झाला. सिनेमा सुरू झाला.

ती आली. मोटेलच्या गल्ल्यावर उभी राहून हसली. आरशासमोर बसून केस विंचरले, निवांत. म्हाताऱ्यांनी टाळ्या वाजवल्या. मग ती किल्ल्यांचा जुडगा घेऊन शेवटच्या खोलीकडे निघाली. दार ढकललं. आत पाहिलं.

तोंड उघडलं...

आवाज नाही.

"ए, आवाज!" मागून कोणीतरी ओरडलं. पोरांनी शिट्ट्या मारल्या. बाया हसायला लागल्या. पडद्यावर एल्वी तोंड उघडून, डोळे फाडून उभी होती. मुकी.

ऑर्विल उठून उभा राहिला.

ती किंकाळी इथे नव्हती. म्हणजे ती घरी गेली होती. आणि घरी कोणी नव्हतं.

लोकांच्या गुडघ्यांना अडखळत तो बाहेर धावला. लॉबीत फोन होता. त्याने इडाचा नंबर फिरवला.

"हॅलो? अरे ऑर्विल, तू आहेस कुठे? टेप चालू ठेवून गेलास काय? आत्ताच एक झाली बघ. ती मोटेलची ना? मला ती फार आवड..."

"इडा, माझ्या घरी जा. आत्ता."

"का? दूध ठेवलंयस गॅसवर?"

"जा गं बाई! मागच्या दाराने! उघडंच..."

तो थांबला.

फोनमधून, इडाच्या खिडकीतून, लांबून... ते त्याला ऐकू आलं.

ती घुमणारी नव्हती. कमावलेली नव्हती. शेवटी फाटलेली.

साठेक मैलांवर, सिनेमागृहाच्या लॉबीत, तो फोन कानाला लावून उभा होता आणि त्याची बायको त्याला हाक मारत होती.

"अगं बाई," इडा म्हणाली. "ही कुठल्या सिनेमातली रे? यात ती तुझं नाव घेते."

"इडा, धाव! देवाशपथ, धाव!"

त्याच्या आवाजात असं काही होतं की ती बाई फोन तसाच टाकून धावली. ऑर्विल ऐकत राहिला. इडाच्या घरातलं घड्याळ. मग लांबून दारावर थापा. "एल्वी! एल्वी!" म्हणून इडाचा आवाज. मग पुन्हा थापा. मग काहीच नाही.

इडा परत आली आणि तिने धापा टाकत फोन उचलला.

"दार आतून बंद आहे, ऑर्विल. कडी लावली आहे."

ग्रासिएला. निघताना तिने सवयीने घर नीट बंद केलं होतं.

"मी ठोठावत होते," इडा म्हणाली. "आतून पण कोणीतरी ठोठावत होतं. पण खालून, ऑर्विल. पार जमिनीजवळून. हळू होत गेलं... मग थांबलं."

ग्रासिएलाने गाडी कशी हाकली, तिचं तिला माहीत. घरी पोहोचले तेव्हा इडा पायरीवर बसून होती, चेहरा पांढराफटक. ऑर्विल पुढच्या दाराने आत शिरला आणि थेट स्वयंपाकघरात गेला.

कोणी नव्हतं. खुर्ची जागच्या जागी. कडी लावलेली.

तो दाराशी खाली बसला. फरशीला हात लावला.

फरशी उबदार होती. ऊन तिथे येत नाही, ते दार उत्तरेला आहे. बाकी सगळी फरशी गार, आणि माणूस कुशीवर पडेल एवढीच जागा उबदार.

तो तिथे आडवा झाला. ग्रासिएला आणि इडा दारात उभ्या राहून पाहत होत्या, पण त्याला उठवायचं धाडस कोणाला झालं नाही. तो गाल टेकून पडून राहिला, आणि ती ऊब हळूहळू कमी होत गेली. फरशी पूर्ण गार झाली तेव्हा बाहेर अंधार पडला होता.

त्यानंतर त्या घरात कधीच काही ऐकू आलं नाही.

मी ऑर्विलला भेटलो ते या गोष्टीनंतर सात-आठ वर्षांनी. तो तेव्हाही तिथेच राहत होता. त्याने दिलेली एक फीत मी माझ्या यंत्रावर लावून पाहिली. कडेला काळे दातेरे स्पष्ट दिसतात. यंत्र फिरत राहतं. काही येत नाही. कसं, ते मला आजही सांगता येत नाही, आणि आवाज हाच माझा धंदा.

गोष्ट ऐकून मी त्याची समजूत घालायला लागलो. म्हटलं, "ऑर्विल, तू तिथे नव्हतास. तुझा काय दोष? ते जे काही होतं, ते होऊन गेलं."

त्याने कॉफी बाजूला सारली आणि मागच्या दाराकडे पाहिलं.

मग म्हणाला, "पहिल्या वेळी निदान माझा आवाज तरी तिच्या कानावर पडला होता. 'परत घे' का होईना, पण मी घरात आहे, एवढं तिला कळलं होतं. या वेळी तिने परत घेतली, आणि घरातून कोणी काहीच बोललं नाही."

मी दोन्ही कप धुतले, उपडे घातले आणि पुढच्या दाराने बाहेर पडलो.